सीमेवरून परतलेला जवान: घरच्यांनी पहिले महिने काय करावं?

कामठीकर
नागपूरजवळच्या कामठी भागातल्या जवानांच्या कुटुंबांसाठी आमचं महिला मंडळ पत्रक काढतंय. बायकांचे प्रश्न सारखेच: झोपेत दचकतात, पोरांवर खेकसतात, विचारलं तर गप्प. वाट कुठवर पाहायची आणि डॉक्टर कधी गाठायचा?

निशिगंध
झोप सगळ्यात वर घ्या, बाकीचं बरंच तिथूनच बिघडतं. ओरडत उठला तर धरून हलवू नका. अर्धवट जागेपणी हात उगारला जातो आणि मग दोघंही हादरतात. दिवा लावा, पायथ्याशी लांब उभं राहून नेहमीची हाक मारा, आपण घरीच आहोत हे सांगा. भर मे महिन्यात तो कूलर बंद करत असेल, तर त्या घरघरीत बाहेरची चाहूल लागत नाही म्हणून. वाद घालू नका. दारूने झोप लवकर लागते, पण उत्तररात्री तुटते. बायकोची झोपही सांभाळा. गरज पडली तर तिने वेगळ्या खोलीत झोपावं, त्यात गैर काही नाही.

मेडिकल_चौक
एक महिना धरा. सुरुवातीचा त्रास अनेकांचा आपोआप ओसरतो. महिना उलटूनही तेच प्रसंग डोळ्यांपुढे येत असतील, माणसं टाळणं आणि सतत सावध राहणं सुटत नसेल, तर मानसोपचारतज्ज्ञ गाठा. सेवेत असेल तर कामठीचं लष्करी रुग्णालय, निवृत्तांना ईसीएचएस, म्हणजे माजी सैनिकांची आरोग्य योजना. बायकोमुलांसाठी नागपूरच्या मेडिकल किंवा मेयो या सरकारी रुग्णालयांची ओपीडीही आहे. टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर 14416, चोवीस तास, मोफत.

आघातावरच्या समुपदेशनाच्या साधारण 8 ते 12 बैठका लागतात. नातेवाइकांनी एका बसण्यात सगळं वदवून घेऊ नये. त्याने काहींचा त्रास वाढतो. गोळ्यांचा गुण यायला 4 ते 6 आठवडे जातात, त्या मनाने बंद करू नयेत.

मरणाची भाषा आली तर महिना मोजायचा नाही, त्याच दिवशी दवाखाना. गार्डच्या नोकरीमुळे परवान्याची बंदूक घरात असेल, तर ती आधी पोलीस ठाण्यात जमा करा. पत्रकात हे ठळक छापा.

कामठीकर
छापतो. आणि मुलं?

निशिगंध
बाबा खेकसले की ते तुझ्यावर रागावलेले नाहीत, हे आईने मुलाला त्याच संध्याकाळी स्पष्ट सांगावं. नाहीतर मूल दोष स्वतःकडे घेतं. युद्धाच्या बातम्या बंद: तेच दृश्य पुन्हा दिसलं की लहानग्याला नवा हल्ला झाल्यासारखं वाटतं. पोळ्यानंतरच्या मारबतीच्या गोंगाटी मिरवणुकीला बाबांना ओढून नेऊ नका. फटाके कधी वाजणार ते शेजाऱ्यांकडून आधीच विचारून ठेवा, अवचित आवाजच जास्त लागतो.