मदत हवी आहे: सही नसलेलं कोटीतीर्थाचं जलरंगचित्र कसं पडताळावं?

घरात कोल्हापूरच्या कोटीतीर्थ तलावाचं एक जुनं जलरंगचित्र आहे, साधारण ९ बाय १२ इंच. सही नाही, तारीख नाही. घरात सगळे ते आबालाल रहिमान यांचं म्हणतात. आबालाल मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले, शाहू महाराजांचे दरबारी चित्रकार झाले, कोटीतीर्थाकाठी राहिले आणि १९३१ मध्ये वारले. महाराज १९२२ मध्ये गेल्यावर त्यांनी पुष्कळ चित्रं त्याच तलावात सोडली असं सांगतात, म्हणून उरलेल्या प्रत्येक कागदाबद्दल जीव तुटतो.

फ्रेमची मागची बाजू उघडून कागद उजेडात धरला, तर ‘व्हॉटमन’ या इंग्लिश कागदाचा अर्धवट वॉटरमार्क (कागदातच उमटवलेली खूण) दिसला, पण वर्ष असतं तिथली कडा कापलेली आहे. आणि वर्ष मिळालं तरी त्याआधीचं चित्र नाही एवढंच कळेल. कोल्हापूरच्या टाउन हॉल म्युझियममधली आबालालांची चित्रं पाहिली. पाण्यातल्या झाडांच्या सावल्या ओल्यावर ओला रंग सोडून केल्यात, ते बरंचसं जुळतं. पण तलाव तर कोल्हापूरचे इतर चित्रकारही रंगवायचेच!

विकायचं नाही, किंमत नको. वरचा कोपरा काचेला चिकटलाय, त्यामुळे चित्र प्रवासात न्यायची भीती वाटते. नैसर्गिक उजेडातले जवळून काढलेले फोटो आहेत.

सही नसताना आबालालांचा हात ओळखायला जाणकार आधी नेमकं काय बघतात, आणि ते नुसत्या फोटोवरून कळू शकतं का?