कन्नड प्रेमकादंबरीकडे आपण कमीपणाने का पाहतो?

धागालेखिका:
मराठीत कन्नड साहित्याचा विषय निघाला की चर्चा कारंत, भैरप्पा आणि अनंतमूर्ती यांच्यापाशी थांबते. प्रेमकादंबऱ्या मात्र ‘बायकांचे वाचन’ म्हणून बाजूला सारल्या जातात, हे मला अन्यायाचे वाटते. कन्नड लेखिका त्रिवेणी (१९२८–१९६३) यांच्या ‘बेळ्ळि मोड’ या कादंबरीमध्ये एकुलत्या एक मुलीचे ठरलेले लग्न तिला भाऊ होताच मोडते, कारण वराचे लक्ष इस्टेटीवर असते. ‘शरपंजर’मधली कावेरी बाळंतपणानंतर जडलेल्या मानसिक आजारातून बरी होऊन घरी परतते, तेव्हा तिला पुन्हा ‘शहाणी’ मानायला घरचेच तयार नसतात. प्रेम आटते कशाने, हे इतक्या स्पष्टपणे सांगणाऱ्या लेखनाला केवळ विरंगुळा कसे म्हणावे?

प्रतिसाद १:
मी असहमत आहे. त्रिवेणी मानसशास्त्र शिकलेल्या होत्या आणि त्यांची दृष्टी वेगळी होती, म्हणून त्यांना साऱ्या प्रकाराचे प्रतिनिधी मानता येणार नाही. शिवाय या कथा घरोघरी पोहोचल्या त्या दिग्दर्शक पुट्टण्णा कणगाल यांच्या १९६७ आणि १९७१ सालच्या चित्रपटांमुळे. पुढे साप्ताहिकांतून क्रमशः आलेल्या बहुतेक प्रेमकथांत श्रीमंत नायक, एक गैरसमज आणि शेवटी लग्न एवढेच उरले.

प्रतिसाद २:
शृंगारकथेची ओढ कन्नडला साप्ताहिकांनी लावलेली नाही. बाराव्या शतकातल्या नेमिचंद्राच्या ‘लीलावती’त राजपुत्र आणि राजकन्या एकमेकांना स्वप्नात पाहतात आणि मग शोधू लागतात. बाणभट्टाच्या संस्कृत प्रेमकथेतील नायिका कादंबरी हिचे नावच मराठीप्रमाणे कन्नडनेही या साहित्यप्रकाराला दिले, हेही विसरू नये.

धागालेखिका:
प्रतिसाद १ यांस: दोन्ही चित्रपट त्रिवेणींच्या निधनानंतरचे आहेत, दिग्दर्शकाला त्यांच्या कादंबऱ्यांकडे वळावेसे वाटले, ते त्या कथांत मुळातच बळ होते म्हणून. साप्ताहिकांतील साचेबद्धपणा मात्र मला मान्य आहे. तरीही, जिचे लग्न वडीलधाऱ्यांनी परस्पर ठरवले, अशा वाचकाला नायिकेला कोणीतरी तिचे मन विचारते आहे, एवढा एक प्रसंग वाचण्यासाठी पुढच्या अंकाची वाट पाहावीशी वाटली असेल, तर ती ओढ मला क्षुल्लक वाटत नाही.

प्रतिसाद १:
ओढ खरी आहे, हे मी नाकारत नाही. पण मन विचारणारा तो नायक लग्नानंतर कसा वागतो, हे त्रिवेणींनी लिहिले आणि नंतरच्या बहुतेकांनी लग्नमंडपातच कथा संपवली. माझी तक्रार तेवढ्यापुरतीच आहे.