अनुभव धागा : हिंदी उपन्यासांचं वेड आणि आजचा पडदा

धागाप्रस्ताव :
‘हसीन दिलरुबा’ची (२०२१) नायिका दिनेश पंडित या लेखकाच्या रहस्यकथांनी झपाटलेली आहे. पंडित काल्पनिक, पण त्याच्यामागची मेरठ-दिल्लीत छापल्या जाणाऱ्या स्वस्त हिंदी उपन्यासांची दुनिया खरी होती. खरबरीत कागद, भडक मुखपृष्ठ, स्टेशनवरचा स्टॉल. ती पुस्तकं आणि त्यांच्यातून आलेले सिनेमे तुमच्यापर्यंत कसे पोहोचले? सविस्तर लिहा.

भुसावळकर :
वडील रेल्वेत. ड्यूटीवरून येताना व्हीलरच्या स्टॉलवरून सुरेंद्र मोहन पाठकांचा उपन्यास आणायचे आणि मग तो क्वार्टर्सच्या अख्ख्या रांगेत फिरायचा. माझं हिंदी शाळेपेक्षा सुनीलनं घडवलं. राजनगरच्या ‘ब्लास्ट’चा हा रिपोर्टर पोलिसांच्या आधी खुन्यापर्यंत पोहोचायचा. पाठकांचा दुसरा नायक विमल मात्र वेगळा. बायकोच्या दग्यामुळे तुरुंगात गेलेला, पुढे दरोडे घालणारा, तरी वाचकाचा जीव त्याच्यातच अडकलेला. आज वेबसिरीजमध्ये गुन्हेगार नायक झाला की त्याला नवं म्हणतात. पाठकांनी ते सत्तरच्या दशकातच केलं होतं!

धरमपेठ_नागपूर :
आमच्याकडे आई आणि मावशी गुलशन नंदांच्या भक्त. ‘कटी पतंग’ (१९७१) पाहायला जाण्याआधी दोघींनी कादंबरी वाचून काढलेली, त्यामुळे थिएटरात पुढचा प्रसंग आधीच कुजबुजत होत्या म्हणे. ‘दाग’, ‘शर्मीली’, ‘झील के उस पार’ हेही नंदांचेच. कटी पतंगच्या कथेची मुळं कॉर्नेल वूलरिच या अमेरिकन लेखकाच्या कादंबरीत आहेत, हे मला फार उशिरा कळलं. पण विधवेचा पांढरा वेष, सासऱ्याची माया, होळीचा तो प्रसंग, हे सगळं इथलं आहे. आईला रडवलं ते त्यानं. साहित्यिकांनी नंदांना पंक्तीबाहेर बसवलं, हा मला अन्याय वाटतो.

इंदूरची_सून :
माहेर सांगली, अर्नाळकरांच्या झुंजारवर वाढलेली. इंदूरला आले तर दीर वेदप्रकाश शर्मांचे चाहते. १९९३ मध्ये ‘वर्दीवाला गुंडा’ आला तेव्हा घरात आधी कोण वाचणार यावरून भांडणं झाली. राजीव गांधींच्या हत्येची पार्श्वभूमी असलेलं कथानक, तेही घटनेला दोनच वर्षं झालेली असताना. अक्षय कुमारचा ‘सबसे बड़ा खिलाड़ी’ (१९९५) शर्मांच्या ‘लल्लू’वरून निघाला. तो लागला तेव्हा दिरांनी सगळ्या घराला नेलं.

रंगरेषा :
मी पोस्टर डिझाइन करते. रिव्हॉल्व्हर, मोठा केलेला स्त्रीचा चेहरा, लाल-पिवळी तिरकी अक्षरं, हे आता ‘रेट्रो’ म्हणून मागतात. क्लायंटला मी दरवेळी सांगते, ही हातानं रंगवलेली चित्रं होती, आणि ती काढणाऱ्या बहुतेकांची नावं कुठेच छापली गेली नाहीत. लेखकांचंही तेच. कित्येकदा लिहिणारा एक आणि मुखपृष्ठावर प्रकाशकाच्या मालकीचं नाव दुसरंच. म्हणून जुनी मुखपृष्ठं स्कॅन करताना कोपऱ्यातली सही आधी शोधते. कुणाकडे अशी सही असलेली प्रत असेल तर इथे फोटो टाका.