इनोडीबीत सेकंडरी इंडेक्स टेबलपेक्षा मोठे कसे? आणि इंडेक्स असूनही फुल स्कॅन का?

क्वेरीवाला (प्रश्न)

मायएसक्यूएल ८.०, इनोडीबी (त्यातलं डेटा साठवणारं इंजिन). 'ऑर्डर्स' टेबलमध्ये साधारण ४ कोटी रो. प्रायमरी की म्हणजे यूयूआयडी (प्रत्येक रोला मिळणारी ३६ अक्षरांची वेगळी ओळख), कॅर(३६), यूटीएफ८एमबी४. सेकंडरी इंडेक्स (प्रायमरी कीशिवायचे) पाच: ग्राहक_आयडी (बिगइंट), स्टेटस (टायनीइंट कोड), तयार_वेळ (डेटटाइम), मोबाइल (व्हारकॅर) आणि जोड इंडेक्स (ग्राहक_आयडी, तयार_वेळ).

डेटा ९ जीबी, इंडेक्स १३ जीबी. डेटापेक्षा इंडेक्स जास्त, हे काही पटत नाही. शिवाय:

१) स्टेटस = 'डिलिव्हर्ड' वर सिलेक्ट स्टार केलं तर एक्सप्लेनमध्ये (क्वेरी कशी चालेल ते दाखवणारी कमांड) टाइप 'ऑल', म्हणजे फुल स्कॅन दिसतो. इंडेक्स आहे, तरी वापरत नाही. ९० टक्क्यांहून जास्त ऑर्डर याच स्टेटसच्या आहेत.

२) मोबाइल नंबरने शोधतानाही फुल स्कॅन. इथे तर एका नंबरच्या जेमतेम पाच-सात ऑर्डर असतील.

३) 'पेंडिंग' ऑर्डरींपैकी सगळ्यांत नव्या ५० (ऑर्डर बाय तयार_वेळ डिसेंडिंग, लिमिट ५०) ही क्वेरी कधी क्षणात येते, कधी मिनिटभर लटकते. क्वेरी तीच, सर्व्हर तोच.

सेकंडरी इंडेक्स आतून चालतो कसा, हे कुणी नीट सांगेल का?

पानफुटी

आधी आकाराचं बोलू, कारण बाकीचं त्यातूनच निघतं.

इनोडीबीत इंडेक्सपासून वेगळं असं टेबल नसतं. प्रायमरी कीचा बी-प्लस ट्री (क्रमाने लावलेल्या पानांचं झाड) हेच टेबल. पूर्ण रो त्याच्या लीफ, म्हणजे सगळ्यांत खालच्या पानांत राहते. सेकंडरी इंडेक्स हा दुसरा स्वतंत्र ट्री. त्याच्या लीफमध्ये दोनच गोष्टी असतात: इंडेक्स केलेले कॉलम आणि त्या रोची प्रायमरी की. रो डिस्कवर कुठे आहे याचा पत्ता तिथे नसतो. म्हणून ग्राहक_आयडीने शोधलं की इंजिन आधी सेकंडरी ट्री उतरतं, प्रायमरी की उचलतं, आणि ती घेऊन मुख्य ट्री पुन्हा वरपासून उतरतं. तलाठ्याकडचं उदाहरण घ्या: ८-अ वर खातेदाराच्या नावापुढे गट नंबर मिळतात, जमिनीचा सगळा तपशील हवा तर त्या गटाचा सातबारा वेगळा काढावा लागतो.

आता हिशोब. प्रायमरी की ३६ बाइटची, आणि तिची प्रत पाचही इंडेक्समध्ये. ४ कोटी × ३६ = १.४४ जीबी, पाच वेळा म्हणजे ७.२ जीबी. ही नुसती यूयूआयडीची नक्कल, तुमचे कॉलम अजून मोजलेलेच नाहीत. तीच की बायनरी(१६) असती तर ३.२ जीबी, बिगइंट असती तर १.६ जीबी.

उरलेलं पानांच्या भरणीत जातं. इनोडीबीचं पान १६ केबीचं. नोंदी क्रमाने आल्या तर पान १५/१६ भरतं, कशाही आल्या तर अर्ध्यापासून १५/१६ पर्यंत काहीही. यूयूआयडी व्ही४ (पूर्ण रँडम प्रकार) म्हणजे कशाही. पान मधेच भरलं की फुटतं आणि दोन अर्धी पानं होतात. स्टेटस इंडेक्सकडे बघा: एकाच स्टेटसच्या आत नोंदी प्रायमरी कीच्या क्रमाने लागतात. की वाढत्या क्रमाची असती तर नवी नोंद त्या स्टेटसच्या गटाच्या शेवटी गेली असती. यूयूआयडीमुळे ती गटात कुठेही घुसते. तयार_वेळचा इंडेक्स मात्र घट्ट भरलेला असणार, कारण वेळ पुढेच जाते.

ट्रीची उंचीही बदलते. ग्राहक_आयडी इंडेक्सच्या लीफमधली नोंद बिगइंट की असताना ८ + ८ + ५ बाइट हेडर = २१ बाइट. पानात सातशेच्या वर बसतात, आणि तीन पातळ्यांत पंचवीस कोटी नोंदी सहज मावतात. ३६ बाइटची की घेतली की नोंद पन्नासची होते, पानात तीनशे, आणि तीन पातळ्या अडीच कोटींच्या आसपास संपतात. तुमचे ४ कोटी चौथ्या पातळीवर गेले असणार.

प्रायमरी की दिलीच नाही तर सुटका होईल, असंही नाही. मग इनोडीबी पहिला नॉट-नल युनिक इंडेक्स घेतं. तोही नसेल तर ६ बाइटचा छुपा रो-आयडी बनवतं, जो तुम्हाला कुठेच वापरता येत नाही.

एक्सप्लेन_बघा_आधी

वरचं बरोबर, पण चौथ्या पातळीचा फार बाऊ नको. वरच्या पातळ्यांची पानं मोजकी असतात, ती बफर पूलमध्येच (मेमरीतल्या पानांच्या साठ्यात) बसून राहतात. खरा मार बसतो तो मुख्य ट्रीतल्या लीफ पानांच्या विखुरलेल्या फेऱ्यांचा, आणि तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर या फेऱ्यांतच आहे.

'डिलिव्हर्ड' ९० टक्के धरा. इंडेक्सवरून गेलं तर ३.६ कोटी वेळा मुख्य ट्री उतरायचा, तेही यूयूआयडीच्या क्रमाने. त्यात जवळजवळ प्रत्येक पान हवंच, मग सरळ सगळं टेबल ओळीने वाचलेलं स्वस्त. ऑप्टिमायझर (क्वेरीचा रस्ता ठरवणारा भाग) इथे बरोबर वागतोय. फोर्स इंडेक्स लावू नका, क्वेरी आणखी हळू होईल. नुसती संख्या हवी असेल तर काउंट करा. ते इंडेक्समध्येच भागतं आणि एक्सप्लेनच्या एक्स्ट्रा कॉलममध्ये 'यूझिंग इंडेक्स' दिसतं. कव्हरिंग इंडेक्स तो हाच. सिलेक्ट स्टार लिहिलात की तो फायदा गेला.

मोबाइलचं दुखणं वेगळं. क्वेरीत नंबर अवतरणाशिवाय लिहिलाय ना? कॉलम व्हारकॅर, तुलना आकड्याशी. मायएसक्यूएल अशा वेळी दोन्ही बाजू फ्लोटिंग पॉइंट आकड्यात बदलून बघतं. '९८…', '०९८…', पुढे स्पेस असलेला '९८…', हे सगळे मजकूर त्या एकाच आकड्याशी जुळतात, आणि इंडेक्समध्ये ते वेगवेगळ्या जागी आहेत. त्यामुळे ट्री उतरताच येत नाही. एक्सप्लेनमध्ये पॉसिबल कीजमध्ये इंडेक्स दिसेल पण की कॉलम नल असेल. त्यानंतर लगेच शो वॉर्निंग्ज चालवा, टाइप किंवा कोलेशन बदलामुळे रेफ अ‍ॅक्सेस (किंमत जुळवून इंडेक्सवरून शोधणं) वापरता येत नाही असं स्पष्ट लिहून येतं. नंबर अवतरणात घाला. ओआरएमकडून (कोडमधून क्वेरी बनवणारी लायब्ररी) पॅरामीटर जात असेल तर त्याचा टाइप स्ट्रिंग करा. उलट बाजूला, म्हणजे कॉलम बिगइंट आणि क्वेरीत मजकूर, हा त्रास होत नाही.

याच जातीचे आणखी दोन: डेट(तयार_वेळ) = अमुक तारीख (कॉलमभोवती फंक्शन आलं की इंडेक्सचा क्रम उपयोगाचा राहत नाही; त्या दिवशीचे ००:०० किंवा नंतर आणि दुसऱ्या दिवशीच्या ००:०० पेक्षा कमी, असं लिहा) आणि लाइक '%पाटील'. फंक्शन टाळताच येत नसेल तर ८.०.१३ पासून फंक्शनल इंडेक्स आहे.

तिसरा प्रश्न मजेदार आहे. तुमच्याकडे स्टेटसचा इंडेक्स वेगळा, तयार_वेळचा वेगळा. स्टेटसवाला घेतला तर सगळे पेंडिंग आणून सॉर्ट करावे लागतात. तयार_वेळवाला घेतला तर सॉर्ट वाचतो: शेवटाकडून मागे येत प्रत्येक रो मुख्य ट्रीतून काढायची, पेंडिंग आहे का बघायचं, ५० झाल्या की थांबायचं. लिमिट बघून ऑप्टिमायझरला हा दुसरा रस्ता स्वस्त वाटतो. ताज्या ऑर्डरींमध्ये पेंडिंग भरपूर असले की ५० पटकन भरतात. कुणी सगळे पेंडिंग निकाली काढले आणि ४९ च उरले, की पन्नासावा शोधत तो ४ कोटींच्या दुसऱ्या टोकापर्यंत जातो. मिनिटभर लटकते ती तेव्हा.

८.०.२१ पासून ऑप्टिमायझर स्विचमध्ये 'प्रिफर_ऑर्डरिंग_इंडेक्स' बंद करता येतं, पण ती मलमपट्टी झाली. खरा उपाय (स्टेटस, तयार_वेळ) असा जोड इंडेक्स. पेंडिंगचा गट सलग, त्यात वेळेचा क्रम तयार. गटाच्या शेवटाकडून ५० नोंदी, ५० फेऱ्या, संपलं. एक्सप्लेनमध्ये 'यूझिंग फाइलसॉर्ट' (वेगळा सॉर्ट करावा लागतोय अशी खूण) जाऊन 'बॅकवर्ड इंडेक्स स्कॅन' आलं पाहिजे. की_लेन (इंडेक्सचे किती बाइट शोधायला वापरले) १ दिसेल (टायनीइंट नॉट-नल असेल तर), त्याने बिचकू नका. सॉर्टसाठी वापरलेला भाग की_लेनमध्ये धरत नाहीत.

क्वेरीवाला

मोबाइल अवतरणात घातला, लगेच आला. धन्यवाद!

आता (स्टेटस, तयार_वेळ) टाकायचा आहे, टेबल चालू असताना. आणि ग्राहक_आयडीचा सुटा इंडेक्स काढला तर चालेल ना? जोड इंडेक्समध्ये तो पहिला कॉलम आहेच.

रात्रपाळी_डीबीए

टाकता येईल. ऑल्टर टेबल अ‍ॅड इंडेक्सला अल्गोरिदम इनप्लेस, लॉक नन असं स्पष्ट लिहा. जमणार नसेल तर गुपचूप टेबल कॉपी करत बसण्याऐवजी ते एरर देऊन थांबतं. लॉक नन लिहिलं तरी सुरुवातीला आणि शेवटी थोडा वेळ एक्स्क्लुझिव्ह मेटाडेटा लॉक (टेबलच्या रचनेवरचं कुलूप) लागतोच. त्या क्षणी कुणाचं जुनं ट्रान्झॅक्शन उघडं असेल (रिपोर्टिंगचं टूल कमिट न करता पडलेलं, नेहमीचाच यशस्वी कलाकार) तर ऑल्टर त्याच्यामागे थांबतो आणि नंतर आलेल्या साध्या सिलेक्टसुद्धा ऑल्टरच्या मागे रांग लावतात. बाहेरून बघणाऱ्याला डेटाबेस पडल्यासारखं वाटतं. लॉक_वेट_टाइमआउट मुळात ३१५३६००० सेकंद, म्हणजे वर्षभर आहे! आपल्या सेशनमध्ये तो ५ करा. नाही जमलं तर ऑल्टर स्वतः मागे हटेल, पुन्हा लावा. त्याआधी इनोडीबी_टीआरएक्स मधून जुनी उघडी ट्रान्झॅक्शन्स बघून घ्या.

इंडेक्स बनताना टेबलवर होणारे बदल एका वेगळ्या लॉगमध्ये साठतात. त्याची मर्यादा मुळात १२८ एमबी. लिखाण जोरात असेल तर ती भरते आणि बराच वेळ चाललेला ऑल्टर शेवटाकडे येऊन पडतो, म्हणून इनोडीबी_ऑनलाइन_ऑल्टर_लॉग_मॅक्स_साइज आधीच वाढवा. सॉर्टच्या तात्पुरत्या फाइली टीएमपीडिरमध्ये जातात, तिथे दोन-तीन जीबी मोकळे हवेत. रेप्लिका (डेटाची प्रत ठेवणारा दुसरा सर्व्हर) असेल तर प्रायमरी सर्व्हरवर काम पूर्ण झाल्यावरच तिथे ऑल्टर सुरू होतो, तेवढा वेळ ती मागे राहते.

सुटा ग्राहक_आयडी इंडेक्स तुमच्या बाबतीत काढा, पण एक खाच लक्षात ठेवा. इनोडीबीत तो इंडेक्स प्रत्यक्षात (ग्राहक_आयडी, प्रायमरी की) असतो. कुठे 'व्हेअर ग्राहक_आयडी, ऑर्डर बाय आयडी' अशी क्वेरी असेल तर सुटा इंडेक्स तो क्रम फुकट देतो, जोड इंडेक्स देत नाही आणि फाइलसॉर्ट येतो. यूयूआयडीने कुणी सॉर्ट करत नाही, पण प्रायमरी की ऑटो-इन्क्रिमेंट असलेल्या टेबलांवर हे फार वेळा चावतं. सिस स्कीमातल्या स्कीमा_रिडंडंट_इंडेक्सेस (फालतू इंडेक्स दाखवणाऱ्या) या व्ह्यूला हा फरक कळत नाही.

थेट ड्रॉप करू नका. आधी इनव्हिजिबल करा. ऑप्टिमायझर तो बघत नाही, पण इंडेक्स अपडेट होत राहतो, म्हणून गडबड झाली तर क्षणात परत आणता येतो. महिनाअखेरीचे रिपोर्ट एकदा होऊ द्या, मग ड्रॉप. स्कीमा_अनयूझ्ड_इंडेक्सेसचे आकडे सर्व्हर रिस्टार्टपासूनचेच असतात, आणि वाचनाच्या क्वेरी रेप्लिकावर जात असतील तर तिथेही बघा.

आता नव्या इंडेक्सची किंमत. स्टेटस बदलला की जुनी नोंद जागेवर बदलत नाही: तिच्यावर 'डिलीट' खूण होते आणि नव्या जागी नवी नोंद पडते. ऑर्डर पाच स्टेटसमधून जात असेल तर चार वेळा हे होणार. खूण केलेल्या नोंदी पर्ज थ्रेड मागाहून साफ करतो, पण एखादं जुनं ट्रान्झॅक्शन उघडं असेल तर तो थांबतो. मग पेंडिंगच्या गटात मेलेल्या नोंदींचा ढीग साचतो आणि ५० जिवंत शोधायला लाखभर मेलेल्या ओलांडाव्या लागतात. शो इंजिन इनोडीबी स्टेटसमध्ये हिस्ट्री लिस्ट लेंग्थ (साफ व्हायचे राहिलेले जुने बदल) चढत असेल तर आधी ते ट्रान्झॅक्शन शोधा. त्या वेळी इंडेक्सवर खापर फोडून काही मिळत नाही.

हीपवाला

पोस्टग्रेस या दुसऱ्या डेटाबेसकडून दोन शब्द, कारण तिथून आलेली मंडळी इथे हमखास गोंधळतात.

पोस्टग्रेसमध्ये सगळेच इंडेक्स सेकंडरी, प्रायमरी कीचासुद्धा. रो हीपमध्ये (क्रम नसलेल्या ढिगात) पडलेल्या असतात आणि इंडेक्समध्ये सीटीआयडी असतो: कितवं पान (८ केबीचं) आणि त्यातली कितवी जागा. त्यामुळे यूयूआयडी की घेतली तरी इतर इंडेक्स फुगत नाहीत, आणि शोधताना दुसरा ट्री उतरावा लागत नाही. बदल्यात अपडेट महाग. रोची नवी प्रत नव्या जागी जाते, पत्ता बदलतो, म्हणून एकच कॉलम बदलला तरी सगळ्या इंडेक्समध्ये नवी नोंद. मायएसक्यूएलकडे जाण्याची जी कारणं उबरने २०१६ मध्ये लिहिली, त्यांत हे ठळक होतं. यावर उतारा ८.३ पासूनचा हॉट अपडेट: इंडेक्समधला कोणताच कॉलम बदलला नाही आणि त्याच पानात जागा असली तर इंडेक्सला हात लागत नाही. टेबलचा फिलफॅक्टर (पान किती टक्के भरायचं) मुळात १००. अपडेट खूप असतील तर ९० किंवा ८० ठेवतात, म्हणजे पानात जागा राहते.

तुमच्या पेंडिंगच्या क्वेरीसाठी तिथे पार्शल इंडेक्स टाकला असता: तयार_वेळवर, व्हेअर स्टेटस पेंडिंग. फक्त पेंडिंग रो त्यात, काही एमबीत काम. मायएसक्यूएलमध्ये ही सोय नाही. मात्र स्टेटसवर असा इंडेक्स आला की स्टेटस बदलणारा अपडेट हॉट होत नाही.

आणि क्रिएट इंडेक्स कन्करंटली (लिखाण न थांबवता इंडेक्स बनवणं) मधेच पडलं तर इनव्हॅलिड इंडेक्स मागे राहतो. क्वेरीला तो उपयोगाचा नाही, पण प्रत्येक लिखाणात त्याचा खर्च चालू असतो. ड्रॉप करून पुन्हा बनवा.

पानफुटी

@क्वेरीवाला, यूयूआयडीचं काय करायचं हे राहिलंच. बाहेरच्या सिस्टिमना तो द्यावाच लागत असेल तर बिगइंट ऑटो-इन्क्रिमेंट प्रायमरी करा आणि यूयूआयडी बायनरी(१६) म्हणून युनिक सेकंडरीत ठेवा. विस्कळीत इन्सर्ट मग एकाच लहान इंडेक्सपुरते राहतात. यूयूआयडीच प्रायमरी हवा असेल तर व्ही७ घ्या, त्यात सुरुवातीलाच वेळ असल्याने नोंदी शेवटी पडतात. यूयूआयडी_टू_बिन चा अदलाबदलीचा पर्याय फक्त वेळेवर आधारलेल्या व्ही१ साठी आहे. व्ही४ वर लावून काहीच हाती लागत नाही.

प्रायमरी की बदलणं म्हणजे पूर्ण टेबल आणि पाचही इंडेक्स नव्याने बांधणं, आणि ऑटो-इन्क्रिमेंट कॉलम जोडताना लिखाण थांबतं. ४ कोटींवर हे थेट ऑल्टरने करू नका, पीटी-ऑनलाइन-स्कीमा-चेंज (टेबलची प्रत बनवून त्यात बदल करणारं टूल) वापरा. जीएच-ओस्ट हा दुसरा पर्याय, पण फॉरेन की असलेल्या टेबलवर तो चालत नाही. ऑर्डरचा यूयूआयडी फॉरेन की म्हणून ज्या टेबलांत गेलाय (ऑर्डर_आयटम, पेमेंट वगैरे) तिथेही त्या कॉलमवर मायएसक्यूएलने इंडेक्स लावलेला असणार, आणि तो ३६ बाइटचाच. मोजणी करताना तेही धरा.