कुत्रीच्या सडाची गाठ दुर्बिणीतून काढतात का? (सांगली)

विश्रामबागवाली:
आमची राणी, लॅब, 9 वर्षांची. नसबंदी करायची करायची म्हणत राहूनच गेली. परवा पोट खाजवताना शेवटच्या सडाजवळ हाताला काहीतरी लागलं, गोचीड असेल म्हणून चिमटीत धरायला गेले तर कातडीखाली सुपारीएवढी टणक गाठ. डॉक्टर म्हणतात काढायला लागेल, कापही चांगला मोठा येणार. आता आमच्या ह्यांचं पित्ताशय मिरजेत दुर्बिणीतून काढलं तर चौथ्या दिवशी दुकानात बसले होते, मग हिचं तसं का नाही? पुण्याला न्यायची पण तयारी आहे.

कृष्णाकाठ:
ताई दुर्बीण पोटाच्या आतल्या कामाला. आत गॅस भरून जागा करतात मग 5-10 मिलिमीटरच्या भोकातनं कॅमेरा अन् हत्यारं. तुमची गाठ कातडीखालीच आहे, तिथं कॅमेऱ्यानं काय बघणार? उलट भोवतीचं थोडं चांगलं मांसही काढावं लागतं. आमच्या टायगरच्या मांडीवरची एकानं एवढ्याशा कापातनं काढून दिली, आम्ही पण खूश, तपासायला पाठवलीच नाही. सहा महिन्यांत तिथंच परत, आधीपेक्षा मोठी.

माणदेशी_मामा:
भाचा शिरवळच्या व्हेटरनरी कॉलेजला आहे, त्याला विचारलं. दुर्बिणीतून नसबंदी होते, लिव्हरचा तुकडा तपासायला घेता येतो. पण पानथरीला मोठी गाठ असली तर पोट उघडूनच काढलेली बरी म्हणाला, छोट्या भोकातनं ओढताना फुटली तर पेशी पोटभर. तुमच्यासाठी निरोप असा की कापायच्या आधी छातीचा एक्सरे काढा, दोन्ही कुशींवर आणि एक उताणं झोपवून, कारण ह्या गाठी कॅन्सरच्या असल्या तर फुफ्फुसात पसरू शकतात. बाकीचे सड पण चाचपून घ्या, एकापेक्षा जास्त असतात बऱ्याचदा. अन् काढलेली गाठ बायोप्सीला पाठवाच. लगेच कॅन्सर धरून बसू नका, कुत्र्यांत सडाच्या साधारण निम्म्या गाठी साध्या निघतात.

विश्रामबागवाली:
मामा, तिसऱ्या सडाजवळ पण हरभऱ्याएवढी लागली आत्ता 😔 बरं झालं सांगितलंत. बुधवारी एक्सरे. टाके चाटायची भीती आहे, ती गळ्यातली प्लास्टिकची कॉलर ही तासाभरात फोडते.

कृष्णाकाठ:
ह्यांचा जुना बनियन घाला, पुढचे पाय बाह्यांतनं काढायचे अन् मागं शेपटीच्या वर गाठ मारायची. टाके झाकले जातात. शू करताना तेवढी गाठ सोडा.

विश्रामबागवाली:
विचारलं. दोन देतो म्हणाले.