झोळीवाल्याला अडवून हरवलेली मुलं सापडणार आहेत का?

मंगळवेढेकर

मागच्या आठवड्यात आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज आला : "मुलं पळवणारी टोळी शहरात शिरली आहे. झोळीवाले, बहुरूपी, चादरी विकणारे दिसले तर आत सोडू नका, पकडून ठेवा." संध्याकाळपर्यंत तोच मेसेज आणखी चार ग्रुपांवरून माझ्याकडे आला. 'पकडून ठेवा' वाचलं आणि मला रात्रभर झोप लागली नाही.

मी मूळचा मंगळवेढा तालुक्यातला. १ जुलै २०१८ ला, रविवारी, धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्याच्या आठवडी बाजारात भिक्षा मागायला गेलेल्या पाच जणांना जमावाने मारून टाकलं. माणसं भिक्षेवर जगणाऱ्या भटक्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाची, बहुतेक आमच्याच तालुक्यातली. एका लहान मुलीशी बोलताना दिसले, एवढं निमित्त झालं. ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून मारलं. त्या दिवसांत मोबाइलवर फिरणाऱ्या एका चित्रफितीत दोघे मोटरसायकलवरून येऊन पोराला उचलून नेताना दिसायचे. ती मुळात कराचीतल्या एका संस्थेने पालकांना सावध करण्यासाठी बनवली होती. मूळ फितीत शेवटी ते मूल परत आणून सोडतात आणि हातातला फलक दाखवतात. तो भाग कुणीतरी कापून टाकला.

आता आकडे बघू. एनसीआरबीच्या, म्हणजे राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या, २०२२ च्या अहवालात त्या वर्षी देशात ८३,३५० मुलं हरवल्याची नोंद आहे. त्यात मुली ६२,९४६, म्हणजे चारांतल्या तीन. झोळीत घालून न्यायच्या वयाची ही लेकरं असती, तर मुलगे आणि मुली जवळपास सारखेच निघाले असते. मी सव्वीस वर्षं माध्यमिक शाळेत शिकवतो. माझ्या वर्गांतून जी मुलं हजेरीपटावरून गेली, त्यातली एकही कुणा बहुरूप्याने नेली नाही. नववी-दहावीतल्या मुली गेल्या, कुणी कुणाबरोबर गेली, कुणी ठरलेल्या लग्नातून निसटली. मुलगे घरच्या माराला कंटाळून पुण्या-मुंबईच्या गाडीत बसले आणि हॉटेलात कपबश्या धुताना सापडले. टोळीची भीती आपल्याला घराच्या फाटकावर उभं करते आणि पाठ नेमकी घराकडे होते. माझं म्हणणं एवढंच, हे मेसेज बंद करा.

दोन लेकरांची आई, पिंपरी

सर, राईनपाड्याचं वाचून माझ्याही पोटात कालवतं. मारणाऱ्यांची बाजू मी घेणार नाही. पण तुम्ही एका टोकावरून थेट दुसऱ्या टोकाला गेलात.

माझा मुलगा पाच वर्षांचा असताना जत्रेत चाळीस मिनिटं हरवला होता. एका फुगेवाल्याने त्याला खांद्यावर बसवून पोलिस चौकीत आणून दिलं. म्हणजे तो फिरताच माणूस, हे मी विसरलेले नाही. पण त्या चाळीस मिनिटांत मला कुणी टक्केवारी सांगितली असती तर मी काय केलं असतं, मला माहीत नाही.

आणि टोळ्या नसतात असं कसं म्हणता? कोल्हापूरचं गावित प्रकरण आपल्याच मातीतलं. अंजनाबाई आणि तिच्या दोन मुली, १९९० ते १९९६ या काळात गर्दीतून मुलं उचलायच्या, चोरी करताना ढाल म्हणून वापरायच्या आणि नकोशी झाली की मारून टाकायच्या. दोघी बहिणींची फाशी २००६ ला सर्वोच्च न्यायालयाने कायम केली होती. दयेच्या अर्जावर निर्णयाला फार उशीर झाला म्हणून २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने ती जन्मठेपेवर आणली. ज्यांची लेकरं गेली त्या आया बहुतेक गरीब. त्यांना त्या वेळी कुणी सावध केलं असतं तर?

मंगळवेढेकर

ताई, गावित प्रकरण मी नाकारत नाही. पण त्या तिघी दिसायला कशा होत्या? कडेवर मूल घेतलेल्या साध्या बायका. आज तुमच्या ग्रुपवर फिरणाऱ्या मेसेजने त्यांना कुणी अडवलं असतं का? मेसेजमध्ये वर्णन असतं ते कायम भटक्या-विमुक्तांचं. हे लोक आधीच गावाबाहेर पाल ठोकून राहतात, ओळखपत्र मागितलं की अर्ध्यांकडे नसतं. राईनपाड्यात तर त्यांनी आपली ओळख सांगितली होती, तरी उपयोग झाला नाही.

काळा कोट, छत्रपती संभाजीनगर

अपहरणाच्या आकड्यांवरून दर वर्षी गोंधळ होतो म्हणून लिहितो. १० मे २०१३ ला 'बचपन बचाओ आंदोलन' या बालहक्क संस्थेच्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की मूल हरवल्याची तक्रार आली की गुन्हा नोंदवायचाच आणि अपहरण किंवा मानवी तस्करी झाली असावी असं धरून तपास करायचा. त्यामुळे अठराच्या आतली मुलगी स्वतःच्या पायाने गेली तरी कागदावर 'अज्ञात इसमाने फूस लावून पळवून नेले' असंच येतं. पूर्वी भारतीय दंड विधानाचं (भादंवि) कलम ३६३, आता भारतीय न्याय संहितेचं कलम १३७. २०२२ मध्ये मुलांविरुद्धचे १,६२,४४९ गुन्हे नोंदले गेले आणि त्यातले ४५ टक्क्यांहून जास्त अपहरणाचे होते, त्याचं एक मोठं कारण हे आहे. पेपरात 'रोज इतक्या मुलांचं अपहरण' असा मथळा येतो तेव्हा या कारणाचा उल्लेख नसतो.

पण सर, आकडा फुगतो म्हणून हा नियम वाईट, असं कुणी म्हणू नये. २००६ च्या डिसेंबरात नोएडाच्या निठारीत नाल्यातून मुलांचे सांगाडे निघाले. त्याआधी त्या वस्तीतले आईबाप कित्येक महिने पोलिसांकडे खेटे घालत होते. गरिबांची मुलं, 'गेली असेल कुठे तरी' म्हणून परत पाठवलं. तपास असा झाला की शेवटी आरोपीही न्यायालयातून सुटले आणि त्या लेकरांना कुणी मारलं याचं उत्तर आजही नाही. नोंदच झाली नाही की पुढचं सगळं कोसळतं.

दुसरी बाजूही आहे. मुलगी सतरा वर्षं आठ महिन्यांची, मुलगा एकोणीसचा, दोघं आपखुशीने गेलेली, आणि मुलगा वर्ष-वर्ष तुरुंगात. अशा वकीलपत्रांनी माझं कपाट भरलं आहे. खरं तर वरदराजन विरुद्ध मद्रास राज्य या १९६४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने फरक केला आहे : मुलगी समजून-उमजून घर सोडून आली आणि मुलाने फक्त सोबत केली, तर ते 'पळवून नेणं' होत नाही. खालच्या कोर्टात हा युक्तिवाद ऐकून घेतला जाईपर्यंत पोराचं आयुष्य वाया जातं. माझ्या मते 'मुलगी पळून गेली' आणि 'मुलीला पळवलं' यांच्या नोंदी वेगळ्या करायला हव्यात.

चुलता, बीड जिल्हा

वकील साहेब, शेवटचं वाक्य मागे घ्या.

माझी पुतणी सोळाची होती. आईबाप ऊसतोडीला कर्नाटकात, पोरगी आजीपाशी. दिवाळीनंतर एका सकाळी शाळेत गेली ती आलीच नाही. मी तासाभरात ठाण्यात गेलो. तिथल्या साहेबांनी पहिला प्रश्न विचारला, "कुणाबरोबर चालू होतं का तिचं?" मग म्हणाले, दोन दिवस वाट बघा, पैसे संपले की येतात परत. तुमच्या त्या २०१३ च्या निकालानंतरची ही गोष्ट आहे. नोंद झाली सहाव्या दिवशी, तीही एका ताईंनी वरून फोन केल्यावर.

पोरगी साडेपाच महिन्यांनी सापडली, दुसऱ्या राज्यात. ओळखीतल्याच एका बाईने 'कामाला लावते' म्हणून नेलं होतं आणि पैसे घेऊन तिचं लग्न लावून दिलं होतं. नवरा तिच्या दुप्पट वयाचा. गावात अजून म्हणतात, पोरगी पळून गेली होती. गेली स्वतःच्या पायानेच, एसटीत स्वतः बसली, तिकीटही स्वतः काढलं. तुमच्या वेगळ्या नोंदीत ती कुठल्या रकान्यात बसली असती?

गुरुजी, तुम्हीही लिहिलंत, कुणी कुणाबरोबर गेली, कुणी लग्नातून निसटली. तुमच्या मनात वाईट नाही हे कळतं. पण हेच वाक्य ठाण्यातला माणूस म्हणतो तेव्हा तपास तिथेच थांबतो. वर्गातून गेलेल्या पोरी पुढे कुठे पोचल्या, हे तुम्ही बघायला गेला होता का?

मंगळवेढेकर

दादा, नाही गेलो. दोघींचं कळलं, बाकीच्यांचं नाही. शाळेत 'सतत गैरहजर' असा शेरा मारतो आणि वर्षअखेरीस नाव कमी होतं. हे लिहिताना मला लाज वाटते आहे.

काळा कोट, छत्रपती संभाजीनगर

मागे घेतलं. वेगळ्या रकान्याची मागणी मी मुलग्यांच्या बाजूने करत होतो. ठाणे अंमलदार तो रकाना कसा वापरेल हे डोक्यात आलं नाही. फरक व्हायचा तो मुलगी सापडल्यावर, न्यायालयात व्हावा. शोधताना नाही.

दोन लेकरांची आई, पिंपरी

मी मात्र सरांशी अजून भांडणार आहे. 'अनोळखी माणूस मूल नेत नाही' असा समज या धाग्यातून पसरू नये.

मुंबईतल्या डी. एन. नगर पोलिस ठाण्यातले सहायक उपनिरीक्षक राजेंद्र भोसले आठवतात? त्यांच्याकडे २००८ ते २०१५ या काळात हरवलेल्या १६६ मुलींचा तपास होता. १६५ सापडल्या. राहिली एक, २०१३ च्या जानेवारीत अंधेरीत शाळेच्या वाटेवरून नाहीशी झालेली सात वर्षांची मुलगी. भोसले २०१५ ला निवृत्त झाले तरी तिचा फोटो घेऊन शोधत राहिले. २०२२ च्या ऑगस्टमध्ये ती सापडली तेव्हा सोळा वर्षांची होती आणि आईच्या घरापासून काही मिनिटांच्या अंतरावर राहत होती. मूल होत नसलेल्या जोडप्याने तिला नेलं होतं. आधी कर्नाटकात ठेवलं. पुढे त्यांना स्वतःचं मूल झालं आणि हिला कामाला जुंपलं. जिथे ती मूल सांभाळायची तिथल्या कामवाल्या बाईने तिची कहाणी ऐकली, मोबाइलवर शोध घेतला तेव्हा ती हरवल्याचा जुना फलक मिळाला, आणि त्यावरच्या पाच नंबरांपैकी एकच लागत होता.

हे लोक अनोळखीच होते ना? आणि मूल सापडलं ते फलकामुळे, कुणीतरी संशय घेतल्यामुळे. संशय घेणं बंद करा असं सांगू नका.

मंगळवेढेकर

त्या बाईने संशय कुणाचा घेतला, ते बघा ताई. घरात राबणाऱ्या मुलीकडे बघून तिने 'तू कुणाची?' असं विचारलं. हा संशय मला हवा आहे. बिल्डिंगमध्ये दहा-बारा वर्षांची मुलगी दुसऱ्याचं बाळ कडेवर घेऊन दिसते, तेव्हा आपल्यापैकी किती जण विचारतात?

कसारा घाट

मी नाशिक जिल्ह्यात आदिवासी पाड्यांवर काम करतो. तुमचे सगळे आकडे नोंद झालेल्या मुलांचे आहेत. २०२२ मध्ये इगतपुरी तालुक्यातली कातकरी मुलं नगर जिल्ह्यात मेंढ्या वळायला ठेवलेली उघडकीला आली. काही हजार रुपये, एखादी मेंढी, एवढ्यावर. दहा वर्षांची एक मुलगी मरणाच्या दारात घरी आणून टाकली आणि ती गेली, तेव्हा कुठे गुन्हे दाखल झाले. त्याआधी ती मुलं कुठल्याच यादीत हरवलेली नव्हती. आईबापांना माहीत होतं कुठे आहेत. पण परत आणायची ताकद नव्हती, उचल, म्हणजे आगाऊ घेतलेले पैसे, फेडायची कुठून? कातकऱ्याच्या पोराला न्यायला टोळी लागत नाही, मुकादम पुरतो.

न्यू जर्सीहून

इकडचा एक मुद्दा. अमेरिकेत १९९९ च्या सरकारी पाहणीत अनोळखी माणसाने मूल दूर नेलं, डांबलं किंवा मारलं, अशा घटना वर्षाला ११५ च्या आसपास निघाल्या. घर सोडून जाणारी मुलं मात्र लाखांनी. मूल घेऊन जाणाऱ्यांत आई किंवा वडीलच असण्याचं प्रमाणही इथे मोठं आहे. आपल्या मराठी घरांतही हे होतं : घटस्फोटाचा वाद चालू असताना एक जण मुलांना घेऊन भारतात जातो. असं परदेशी नेलेलं मूल परत पाठवण्याबद्दलच्या १९८० च्या हेग करारावर भारताची सही नाही, त्यामुळे दुसऱ्याने वर्षानुवर्षं फक्त व्हिडिओ कॉलवर मूल बघायचं. माझ्या मैत्रिणीचं तेच चालू आहे.

दोन लेकरांची आई, पिंपरी

सर, ग्रुपवरचा मेसेज मी पुढे पाठवला होता, ते सांगून टाकते. 'पकडून ठेवा' हे चुकीचं होतं. ११२ किंवा मुलांच्या मदतीच्या १०९८ ला फोन करा, एवढंच असायला हवं होतं. पण मुलांना फाटकाबाहेर एकटं सोडू नका, हे मी लिहिणारच. २०२२ अखेर ४७ हजारांहून जास्त मुलांचा पत्ता लागलेला नव्हता. ती सगळी स्वतःहून गेली असं कुणीही मला पटवू शकणार नाही.

चुलता, बीड जिल्हा

वकील साहेब, एक विचारायचं होतं. पुतणी आता सतराची आहे. बालकल्याण समितीने तिला वसतिगृहात ठेवलंय, दहावीचा फॉर्म भरलाय. ज्या बाईने नेलं तिचे लोक भावाकडे येऊन बसतात. पैसे देतो म्हणतात, पोरीला सांगा 'मी माझ्या मर्जीने गेले' म्हणून. भाऊ डगमगायला लागलाय, उचल अंगावर आहे. पोरगी म्हणते, मी बदलणार नाही. आम्ही काय करावं?

काळा कोट, छत्रपती संभाजीनगर

न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर तिचा जबाब झाला आहे का ते आधी बघा, नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १८३. झाला नसेल तर तपास अधिकाऱ्याला लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. तालुका विधी सेवा समितीत जा, महिला आणि मुलांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. दबाव आणणारे कोण, कधी आले, काय म्हणाले, तारखेसह लिहून बालकल्याण समितीला कळवा. ती सोळाची असताना नेलेली आहे, तेव्हा तिची 'मर्जी' त्या लग्नाला आणि त्या सौद्याला वाचवू शकत नाही, हे भावाला नीट समजावा. मला व्यक्तिगत निरोपातून गुन्हा क्रमांक पाठवा. सोमवारी माझी तिकडे तारीख आहे, वसतिगृहात मुलीला भेटायला आपण बरोबर जाऊ.