पगार थांबवला आहे, कुठे दाद मागायची? (सोलापूर)

कडक_भाकरी:
उत्तर सोलापूर तालुक्यातल्या एका शाळेत कनिष्ठ लिपिक आहे. जूनपासून पगार जमा नाही. मुख्याध्यापक म्हणतात संस्थेच्या सचिवांना विचारा, सचिव म्हणतात मुख्याध्यापकांना. घराचे हप्ते थकलेत. तक्रार कोणत्या कलमाखाली करायची तेवढंच सांगा.

भुईकोट:
शाळा अनुदानित का? वैयक्तिक मान्यता (तुमच्या नेमणुकीला शिक्षण विभागाची मंजुरी) आहे का? निलंबनाचं पत्र दिलंय का? हे कळल्याशिवाय कलम सांगून उपयोग नाही.

सात_रस्ता:
सरळ शाळा न्यायाधिकरणात अपील ठोका. १९७७चा खाजगी शाळा कर्मचारी अधिनियम, कलम ९.

भुईकोट:
कलम ९ बडतर्फी, सेवेतून काढणं, अन्य प्रकारे सेवासमाप्ती, पदावनती आणि बढतीत डावलणं एवढ्यासाठीच आहे. नुसता पगार अडला म्हणून केलेलं अपील टिकत नाही.

पार्क_चौक:
ग्रॅच्युइटीचंही बघून ठेवा. २००९च्या दुरुस्तीने शिक्षकही तेव्हाच्या ग्रॅच्युइटी कायद्यात आले, ३ एप्रिल १९९७पासून लागू.

कडक_भाकरी:
मी निवृत्त होत नाहीये हो. शाळा शंभर टक्के अनुदानित, मान्यता आहे, निलंबनाचं पत्र नाही. पण तो १९७७चा कायदा फक्त शिक्षकांचा ना?

भुईकोट:
नाही. कर्मचाऱ्याच्या व्याख्येत शिक्षकेतर आहेत, शिपाईसुद्धा. आणि पगार रोखणं ही शिक्षाच नियमांत नाही. त्याच कायद्याच्या १९८१च्या नियमावलीत नियम २९ बघा: ताकीद, ठपका, नुकसानीची वसुली, पदावनती, सेवासमाप्ती. वेतनवाढ रोखायची तीही एक वर्षापर्यंतच. निलंबित माणसालासुद्धा पहिले चार महिने अर्धपगारी रजेइतका निर्वाह भत्ता आणि त्यावर महागाई भत्ता द्यावा लागतो. तुम्हाला निलंबनाचं पत्रच नाही, म्हणजे पूर्ण पगारावर तुमचा हक्क आहे.

अनुदानित शाळेत पैसा शासनाचा. मुख्याध्यापक शालार्थ या ऑनलाइन पगार प्रणालीत देयक (पगारबिल) तयार करून वेतन पथकाला, म्हणजे शिक्षण विभागाच्या पगार काढणाऱ्या कार्यालयाला, पाठवतात. तुमचं नाव बहुतेक तिथंच गाळलं जातंय. जिल्हा परिषदेत शिक्षणाधिकारी (माध्यमिक) यांच्या नावे अर्ज द्या, प्रत वेतन पथक अधीक्षकांना. नियुक्ती आदेश, मान्यतेचा आदेश, शेवटची पगार चिठ्ठी, पासबुकाची पानं जोडा. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

सिद्धेश्वर_तळं:
त्याआधी माहिती अधिकार टाका. दहा रुपयांचा स्टॅम्प, तीस दिवस. "पगार का दिला नाही" असं विचारू नका, कारण विचारलं की माहिती नाकारतात. कागद मागा: जूनपासूनची वेतन देयकं, हजेरीचे दाखले, नाव वगळण्याबाबत मुख्याध्यापकांनी दिलेलं पत्र.

सात_रस्ता:
तीस दिवस वाट बघत बसायचं? कामगार न्यायालयात जा.

भुईकोट:
शिक्षक कामगार नाही हे सर्वोच्च न्यायालयाने १९८८मध्येच ठरवलंय. लिपिकाचं वेगळं धरता येईल, पण त्याच वादात वर्षं जातील. माहिती अधिकार आणि तक्रार एकाच दिवशी द्या, एकाने दुसरं अडत नाही. भाकरी, मस्टरवर सही करू देतात का?

कडक_भाकरी:
मस्टर कपाटात बंद. ऑगस्टपासून सही नाही. रोज जातो, बसवून ठेवतात. त्याचा इथं काय संबंध?

भुईकोट:
सगळा संबंध तिथंच आहे. हे आधी सांगायला हवं होतं. सही बंद, काम बंद, पत्र नाही, म्हणजे तोंडी सेवासमाप्ती धरता येते, आणि मग सात_रस्ता म्हणतात ते अपील लागू पडतं. मुदत तीस दिवसांची. ती उलटली असेल तर कलम ९(३)खाली विलंबमाफीचा अर्ज, कारणासह आणि प्रतिज्ञापत्रावर. आजपासून रोज शाळेच्या ईमेलवर "हजर आहे, मस्टर दिलं नाही" एवढी ओळ वेळेसह पाठवा. आठवड्यातून एकदा तेच स्पीड पोस्टने. नाहीतर उद्या संस्था "स्वतःहून गैरहजर" असा ठराव पुढे करेल.

सिद्धेश्वर_तळं:
शिक्षणाधिकारी ढिम्म राहिले तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. १८ ऑगस्ट २०२५पासून आपला जिल्हा कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहे, मुंबई गाठायला नको.

पार्क_चौक:
कोल्हापूरला जायचं तर मुक्काम धरूनच निघा.

कडक_भाकरी:
अपिलात थकलेला पगार मागता येतो का?

भुईकोट:
येतो, कलम ११. पुनर्स्थापना, सेवेत सातत्य आणि थकीत वेतन या तीन मागण्या वेगवेगळ्या लिहा. पुनर्स्थापना नाकारली तर दहा वर्षं सेवा झालेल्याला बारा महिन्यांचा पगार, त्याहून कमी असेल तर सहा. तुमची सेवा किती झाली?